दोघींना मारलेली हाक

पहिलंच स्पष्ट सांगते, या सदरातले अनुभव मी आवडीने वाचते, पण विश्वास ठेवून नाही. माझे बाबा सांगलीत विज्ञान शिकवायचे. चिंचेच्या झाडाखाली काहीतरी दिसलं असं कुणी सांगितलं, की ते शांतपणे विचारायचे, "चष्मा लावला होता का?" मीही त्याच वळणाची. नवऱ्याच्या, म्हणजे समीरच्या नोकरीमुळे डिपेंडंट व्हिसावर नेदरलँड्सला आले, हळूहळू डच शिकले आणि आता ब्रेडामधल्या एका लॉजिस्टिक्स कंपनीत प्लॅनिंग बघते. कुठला ट्रक कुठे अडकला आणि का, हे शोधणं माझं काम. त्यामुळे "का"चं उत्तर न मिळणं मला सहनच होत नाही. हे मात्र... असो, सांगतेच.

आमच्या समोरच्या फ्लॅटमध्ये यासिर राहतो. सुदानचा, इथे हॉस्पिटलमध्ये एक्स-रे विभागात काम करतो. खार्तुममध्ये युद्ध पेटलं तेव्हा त्याची आई, नफीसा, इजिप्तमार्गे कशीबशी त्याच्याकडे पोचली. साठी ओलांडलेली बाई, एक लहान बॅग आणि अंगावरचा तोब, म्हणजे त्यांची ती साडीसारखी गुंडाळायची ओढणी. पहिल्यांदा जिन्यात भेटली तेव्हा माझा कुर्ता बघून तिने थेट एक जुनं हिंदी गाणं म्हणायला सुरुवात केली! त्यांच्याकडे थिएटरमध्ये हिंदी सिनेमे लागायचे म्हणे. अर्थ एकाही ओळीचा माहीत नाही, पण चाल अगदी चोख. तिथेच आमचं जमलं.

मी त्यांना नफीसाताई म्हणते, त्या मला "बिन्ती" म्हणतात, म्हणजे माझी मुलगी. त्यांचं इंग्रजी शाळेत शिकलेलं, जुनं, नीटस. दर शनिवारी त्यांच्याकडे जबना, म्हणजे सुदानी कॉफी. बिया समोर भाजायच्या, सुंठीबरोबर कुटायच्या आणि मातीच्या सुरईत उकळायच्या. आपल्या आल्याच्या चहावर वाढलेल्या मला ती लगेच आवडली. त्या सगळ्यावर बोलायच्या. फक्त देशाची फाळणी आणि दक्षिण सुदान हा विषय त्या घरात निघत नसे. हॉलमध्ये त्यांच्या धाकट्या भावाचा, तारिकचा, लष्करी गणवेशातला फोटो होता. देशाचे दोन तुकडे झाल्यावर सीमेवर जी लढाई झाली तीत तो गेला. यासिर मामाचा लाडका. एकदा मी सहज काही विचारलं तर तो इतकंच म्हणाला, "त्या लोकांबद्दल इथे नको."

आमची इरा मास्ट्रिख्टला शिकते. मागच्या शरद ऋतूतल्या एका शुक्रवारी मी सुट्टी घेऊन तिला डबे पोचवायला गेले — थालीपीठ, चटण्या, नेहमीचंच. दुपारी ती मला स्टेशनवर सोडायला आली. स्वच्छ ऊन, प्लॅटफॉर्मवर मोजकी माणसं. आम्ही बाकावर बसलो होतो, इरा फोनमध्ये. आणि माझ्या मागून एका बाईची हाक आली. खणखणीत, जराशी घोगरी, अंगणातून मारावी तशी.

"या फीसा... या कूऽऽल... अल-जबना!"

अरबीतलं 'या' म्हणजे आपलं 'अगं', एवढं मला माहीत होतं. त्यात जबना शब्द ऐकून मला वाटलं, नफीसाताई इथे कुठे? मी गर्रकन वळले. मागे फक्त भिंत आणि सायकलची जाहिरात.

पलीकडच्या बाकावरची एक बाई मात्र ताडकन उठली होती. उंच, काळीसावळी, करडे केस बारीक कापलेले. "जाया!" असं ती मोठ्याने म्हणाली, म्हणजे "आले!", हे मला नंतर कळलं, आणि मग तशीच उभी राहिली, झोपेतून जागी झाल्यासारखी. तिनेही भिंतीकडे पाहिलं. मग माझ्याकडे.

"इरा, आत्ता कोणी हाक मारली?"

"नोबडी कॉल्ड, आई." तिने मान वर केली. "तुम्ही दोघी एकदम का वळलात?"

मी त्या बाईजवळ गेले आणि डचमध्ये विचारलं, "तुम्हीही ऐकलंत ना?"

 "तुम्हाला ऐकू आलं?" ती म्हणाली. "काय ऐकू आलं? सांगा."

मी जमेल तसे ते शब्द उच्चारले. 'कूऽल' म्हटल्याबरोबर ती खाली बसली. तिचं नाव अकुओल. कूऽल अशी हेल काढून हाक मारणारी जगात एकच बाई होती, खार्तुममध्ये तिला अंगावर पाजून वाढवणारी तिची दूधआई. अकुओलची स्वतःची आई बाळंतपणात आजारी पडली होती. अकुओलचं कुटुंब दक्षिणेकडचं, दिंका जमातीचं, ख्रिश्चन. शेजारचं, दूधआईचं, अरब, मुसलमान. अंगण मात्र एकच. "जन्मल्यापासून माझी एक दूधबहीण होती," ती म्हणाली. "फीसा. नफीसा."

 "ब्रेडाला माझ्या शेजारी एक नफीसा राहते," मी म्हणाले. "खार्तुमचीच. हिंदी गाणी म्हणते. डाव्या भुवईवर व्रण आहे."

"तो व्रण माझ्यामुळे," अकुओल म्हणाली. "पाण्याच्या टाकीवरून मीच ढकललं होतं तिला." आणि ती रडायला लागली. इराने फोन खिशात घातला आणि तिच्याजवळ बसली.

माझी गाडी आली आणि गेली. अकुओलने सगळं सांगितलं. देश तुटला तेव्हा खार्तुममधल्या दक्षिणेकडच्या माणसांना कळवण्यात आलं, की तुम्ही आता इथले नागरिक नाही. तिचा जन्म तिथला, तरी ती परकी. नाईल नदीतून बार्जवर बसून ती अशा देशात गेली जो तिने कधी पाहिलाच नव्हता. मग सीमेवर लढाई. तारिक उत्तरेकडून लढताना गेला, हे तिला तिकडेच कळलं होतं; तिचा भाऊ मायेन दक्षिणेकडून लढताना गेला. आणि थोड्याच वर्षांत त्या नव्या देशातही जमातीजमातींत कापाकापी सुरू झाली. तिचा नवरा त्यात मारला गेला. ती युगांडाला पळाली, आणि मास्ट्रिख्टमध्ये नर्स असलेल्या मुलीने तिला इकडे आणलं.

"तिला फोन लावू?" मी विचारलं.

"नको! आमच्या लोकांनी तिच्या भावाला मारलंय. मी त्याला कडेवर खेळवलं होतं हो... पण आता मी तिच्यासाठी त्या बाजूची. माझं मन तयार होईपर्यंत तिला सांगू नका."

मी कबूल केलं. तिने नंबर दिला.

दुसऱ्या दिवशी शनिवार. जबनाला जायला मला धडकीच भरली होती. माझ्या चेहऱ्यावर सगळं लगेच दिसतं. पण नफीसाताईंनी माझ्याकडे पाहिलंच नाही. बिया भाजता भाजता हात थांबला आणि यासिर आतल्या खोलीत आहे ना, हे बघून त्या हळूच म्हणाल्या, "बिन्ती, मी म्हातारी झाले का गं? काल दुपारी माझ्या आईने मला हाक मारली. इथे, या स्वयंपाकघरात."

मी हातातला कप खाली ठेवला.

"आई जाऊन किती वर्षं झाली. देश एक होता तेव्हाच गेली. पण तिचाच आवाज. आणि एकटीला नाही... तिने आम्हा दोघींना हाक मारली. मला आणि कूलला." त्यांनी डोळे पुसले. "हे नाव मी या घरात कधी घेतलेलं नाही. तारिकच्या फोटोसमोर कुठल्या तोंडाने घेऊ? आणि माझ्या लोकांनी तिला घरातून घालवलं, ती तरी माझं नाव कशाला घेत असेल?"

मी बाल्कनीत जाऊन अकुओलला फोन केला आणि नफीसाताईंचे शब्द जसेच्या तसे सांगितले.  ती म्हणाली, "उद्या येते." मग मी आत जाऊन नफीसाताईंना सगळं सांगितलं.

रविवारी मी स्टेशनवरून तिला घेऊन आले. यासिरला आईने सकाळी सांगितलं होतं. त्याने दार उघडलं, पण बाजूला होईना. ती पाहुणी म्हणून उंबऱ्याबाहेर, तो आत, आणि मध्ये मी... मला वाटलं, आपण हे काय करून बसलो!

नफीसाताई मागून आल्या. कोणी कोणाला मिठी मारली नाही. अकुओलची नजर फोटोवर गेली. तिने दोन्ही तळहात वर धरले आणि हलक्या आवाजात म्हणाली, "अल-फातिहा." सुदानात कुणी गेल्यानंतर पहिल्यांदा भेटलं, की असेच हात धरून मृतासाठी प्रार्थना म्हणतात. ख्रिश्चन अकुओल तारिकसाठी हात धरून उभी होती. शब्द तिला दूधआईच्या घरातच पाठ झाले होते.

नफीसाताईंनी प्रार्थना पूर्ण होऊ दिली. मग अरबीत विचारलं, अर्थ मला यासिरने नंतर सांगितला, "तुझे कोण गेले?"

"मायेन."

"मायेन? आपला मायेन?" त्यांनी हात वर धरले. "आणखी?"

"माझा नवरा." पुन्हा हात.

मी बाजूला पाहिलं. यासिरचेही तळहात वर होते. आणि मग तो दारातून बाजूला झाला.

त्यानंतर सगळं वेगळंच झालं. तासाभरात त्या दोघी टाकीवरून नक्की कोणी कोणाला ढकललं यावर भांडत होत्या, यासिर पोट धरून हसत होता आणि मला एकही शब्द कळत नसताना मीही हसत होते. आता अकुओल महिन्यातून दोनदा येते. कधी इराही तिच्याबरोबर येते. तिला अकुओलने केस विंचरलेले आवडतात. यासिर तिला "खालतो" म्हणतो, म्हणजे मावशी. खार्तुममध्ये अजून लढाई चालू आहे, बातम्या लागल्या की दोघी एकमेकींचा हात धरून बघतात. मग टीव्ही बंद करून जेवायला बसतात. खरं सांगू, आमच्या मजल्यावर इतका आनंद मी यापूर्वी पाहिलेला नाही.

समीर म्हणतो, स्टेशनवर कोणीतरी फोनवर बोलत असेल, नाहीतर घोषणा असेल. असेल. पण घोषणेत कूलचं नाव? आणि त्याच दुपारी ब्रेडाच्या स्वयंपाकघरात तीच हाक? इरा शेजारी बसूनही तिला काही ऐकू आलं नाही, ते कसं? मी खूप डोकं चालवलं. काही जुळत नाही.

मागे एकदा मी नफीसाताईंना विचारलं, "तुम्हाला भीती नाही वाटली?"

"आईच्या हाकेला कोण घाबरतं?" त्या म्हणाल्या. मग माझ्याकडे नीट बघत राहिल्या. "आम्हा दोघींना ती हाक मारणारच. मला एवढंच कळत नाही, बिन्ती... ती तुला का ऐकू आली?"

मलाही कळत नाही.