वनटोक काकांचं सुतक

वनटोक काका जेवायला बसले की आधी भाताचं बेट करायचे. गणपती असो नाहीतर कुणाचा बर्थडे, वाढलेला भात बोटांनी दाबून लांबट पक्ष्यासारखा करायचा, मधोमध डोंगरांची रांग उभी करायची आणि वरून वरण ओतून घ्यायचं. "बघ, पाणी कसं दोन्हीकडे धावतं! रस्ता कुठून काढणार? राजधानीतून डोंगरात जायचं तर विमान, नाहीतर पायी." मग पश्चिमेकडचा अर्धा भाग आधी खाऊन टाकायचे, तो दुसऱ्या देशाचा म्हणून! नवीन माणूस बिचारा घास हातात धरून बघत बसायचा.

बेट म्हणजे न्यू गिनी. त्याच्या पूर्वेकडच्या भागात, पापुआ न्यू गिनीतल्या गोरोका नावाच्या डोंगरी गावात, काकांनी उभी हयात भूगोल शिकवण्यात घालवली आणि रिटायर झाल्यावर ते ऑस्ट्रेलियात डार्विनला आले. माझ्या शेजारच्याच युनिटमध्ये राहायचे. मुलगा मेलबर्नच्या पॉइंट कुकला. तो बोलवायचा, हे जायचे नाहीत. "मेलबर्नपेक्षा माझं बेट इथून जवळ," म्हणायचे.

वनटोक म्हणजे तिकडच्या बोलीत आपली भाषा बोलणारा. शेकडो भाषांचं बेट ते, त्यामुळे आपल्या भाषेचा माणूस भेटला की तो सख्खाच. त्याच्या अडीनडीला धावायचं. डार्विनमधला यच्चयावत मराठी माणूस काकांचा वनटोक. एकदा हॉस्पिटलच्या कार पार्कात माझी गाडी बंद पडली, तर भर उन्हात हे बॅटरीची केबल घेऊन हजर. "अहो काका, रोडसाइडवाले येतायत ना!" "येऊ देत. ते नोकरी म्हणून येतात, मी वनटोक म्हणून आलो." वर तासभर गाडीशी खटपट करून ती आणखी बिघडवून ठेवली, ते सोडा.

"तिथली कॉफी, सोनं, तांबं सगळं बाहेर जातं," ते सांगायचे. "आपसात फिरतं ते एकच, एकमेकांच्या दारी जाणं. तू आलास, मी येणार. त्यात सूट नाही." हे त्यांना जोसेफमुळे कळलं. जोसेफ गोरोक्यातला शेजारी, कॉफीची थोडी झाडं बाळगणारा. काकू सहलीला किनाऱ्याकडे गेल्या, मलेरिया घेऊन आल्या आणि आठवड्यात गेल्या. तेव्हा जोसेफने अख्खा गाव काकांच्या अंगणात आणला. तिथे दुःखाच्या घरी रस्त्यापासूनच मोठ्याने रडत यायचं आणि दिवसचे दिवस बसून राहायचं. माणसं रताळी घेऊन आली, लाकडं घेऊन आली. शाकाहारी काकांच्या अंगणात चक्क एक डुक्कर आलं. "सगळे रडले गं, मी सोडून. आम्ही पुण्याचे. बाथरूमचं दार लावून रडणारे. माझ्या वाटचंही जोसेफच रडला."

कोविडमध्ये जोसेफ आजारी पडला. सीमा बंद, देशाबाहेर जायलाही परवानगी लागायची. काकांनी ती मागितली. पेशंटशी नातं काय, असं विचारल्यावर यांनी वनटोक सांगितलं.

"भाऊ म्हणायचं ना, काका!" मी कपाळाला हात लावला.

"खोटं कशाला? भावापेक्षा मोठं नातं आहे."

परवानगी मिळाली नाही. मला इतका राग आला, त्यांचाही आणि जगाचाही.

एका दुपारी मी शिफ्टवरून आले, तर त्यांचं दार सताड उघडं. पावसाआधीचा उकाडा जीव घेत होता आणि यांचा एसी बंद, गॅस थंड.

"जेवलात का?"

"सुतक आहे."

म्हणजे जोसेफ गेला. मी घरी जाऊन पिठलंभात केला आणि नेला. सुतकाच्या घरी चूल पेटत नाही, शेजाऱ्याने न्यायचं असतं. काकांनी दोन घास कसेबसे गिळले. "मी सोडून सगळे पोचले असतील," म्हणाले, "त्याच्या दारात मीच नाही."

तेवढ्यात जोसेफच्या मुलीचा, मेरीचा, व्हिडिओ कॉल आला. ताडपत्रीखाली माणसंच माणसं आणि अंगावर काटा आणणारा तो रडण्याचा आवाज. "कम, काका," मेरी म्हणाली. काका उठले, फोन माझ्या हातात दिला. "तू दारात उभी राहा. मी रस्त्यावरून येतो. घरात बसून नसतं चालत."

मी मागचा कॅमेरा त्यांच्याकडे धरला, स्क्रीन माझ्याकडे. काका ड्राइव्हवे उतरून फुटपाथपर्यंत गेले आणि वळले. ते वळले आणि लाइन तुटली. पुन्हा लावला, लागेना. मी हात तसाच वर ठेवला.

काका हंबरडा फोडत येऊ लागले. जोसेफचं नाव घेत होते, मधेच काकूंचं घेत होते. समोरच्या घरातला डेव्ह पाण्याची नळी टाकून धावत आला, "यू राइट, मेट?" मी मानेनेच त्याला थांबवलं. बिचारा टोपी काढून उभा राहिला. माझ्या डोळ्यांना धारा लागल्या होत्या, पण फोन मी हलू दिला नाही.

काका दाराशी पोचले आणि पायरीवर कोसळल्यासारखे बसले. आवाज पार बसला होता.

"ऐकलं ना गं त्यांनी?"

"ऐकलं, काका. सगळ्यांनी ऐकलं."