रडून झाल्यावरचा चहा

हॅम्बुर्गहून फोन आला तेव्हा मी धाराशिवच्या स्टँडवर तेरच्या गाडीची वाट बघत होतो. शैलाताईसोबत काम करणाऱ्या बाई बोलत होत्या. इंग्रजी त्यांचं मोडकं, माझंही. एवढंच कळलं, की ताई सकाळी उठलीच नाही... मी तिच्याच आईकडे निघालो होतो. सांगायचं कसं, याची जुळवाजुळव सगळ्या रस्त्यात केली; पण मामींनी माझ्या तोंडाकडे बघितलं आणि मला काही बोलावंच लागलं नाही.

शैलाताई माझी मामेबहीण. सिनेमांचं संकलन करायची. वर्षातले काही महिने पुण्यात, काही जर्मनीत. ती नेमकं काय करते, हे आमच्यात कुणालाच उमगलं नव्हतं. "फिलिम कापती," मामी सांगायच्या, "कापायचंच व्हतं तर शिवणक्लास काय वाईट व्हता?" ताई खो खो हसायची. मी एकदा विचारलं, "धड येत नाही त्या भाषेतला सिनेमा तू कापतेस कसा?" म्हणाली, "बोलायच्या आधी माणूस श्वास घेतो ना, तिथं बघते. खोटं बोलणाऱ्याचा श्वास..." पुढचं सांगितलंच नाही. मी कितीतरी दिवस घरातल्यांचे श्वास बघत बसलो.

जर्मनीतल्या एका दिग्दर्शकानं तेरणाकाठच्या गावांवर माहितीपट केला; संकलन ताईकडे होतं. त्यात तेरच्या गयाबाई होत्या. लेक गेल्याचं सांगता सांगता कॅमेऱ्यासमोर त्यांना रडू कोसळलं. सिनेमा तिथंच संपवायचा, असं दिग्दर्शकानं ठरवलं. ताईला पटेना. गावी आली तशी लॅपटॉप घेऊन ती गयाबाईंच्या ओसरीवर गेली, मीही मागोमाग. "मावशी, हे ठेवू का नको? तुम्ही सांगा."

गयाबाईंनी तोंडाला पदर लावून सगळं बघितलं. "रडले ते असू दे. खरंच हाय ते. पर नंतर म्या समद्यांला च्या केला न्हवं? त्यो गोरा अजून साखर मागत व्हता. ते कुठं गेलं? लोकं म्हणतील, ही बाई रडतच बसली."

ताई परत गेली आणि त्या चहासाठी भांडली. दिग्दर्शक ऐकेना, तेव्हा तिनं तो सिनेमाच सोडला. पुढं बरेच महिने तिकडून काम आलं नाही. पुण्यात लग्नांचे व्हिडिओ कापत होती. "पस्तावा होतो का?" मी विचारलं. "भीती वाटते," ती म्हणाली, "पण तो चहा कापला असता, तर गयामावशींना मी काय तोंड दाखवलं असतं?"

मग एक दिवस त्याच दिग्दर्शकाचा फोन आला. दुसऱ्याकडून पुरा करून घेतलेला सिनेमा त्यानं स्वतःच्या आईला दाखवला होता. आईनं विचारलं, "त्या बाईला तशीच रडत सोडून तू निघून आलास?" ताई पुन्हा गेली. शेवटी तिनं तो चहा जोडला. पहिल्या खेळाला लोक रडले आणि मग साखरेवर हसले, हे तिनं मला फोनवर दोनदा सांगितलं.

परवा मामींकडे गेलो. टीव्हीवर मालिका चालू होती, आवाज बंद. बिघडलाय वाटून मी रिमोट उचलला.

"राहू दे. शैला आली की असंच बघायची. म्या वरडायची तिच्यावर..."

पडद्यावर कुणाची तरी सून हसत होती. मामी पुढं सरकल्या, डोळे बारीक करून बघत राहिल्या.

"शैलानं हिचं काय ठिवलं असतं रं?"

मीही पुढं सरकून बघू लागलो.