केळी पिकवायच्या खोलीत तिसरीचा वर्ग

दार उघडलं तसा गार हवेचा झोत अंगावर आला. बाहेर मार्चअखेरचं ऊन रणरणत होतं. आत पंचवीस-तीस मुलं सतरंजीवर बसली होती. खिडकी एकही नाही. निम्मी मुलं पेंगत होती. एक मुलगी भिंतीला टेकून डोळे मिटून होती. बाई फळ्यावर पाढे लिहीत होत्या.

मी दारातच थिजले. ती वर्गखोली नव्हतीच. केळी पिकवायची खोली होती.

माझं माहेर केळीवाल्यांचं. जाड भिंती, हवाबंद दार, कडी फक्त बाहेरून. ओळखायला वेळ लागला नाही. पिकताना केळी कार्बन डायऑक्साइड वायू सोडतात; बंद खोलीत तो साठला की माणूस गुदमरतो. म्हणून हमालसुद्धा आधी दार उघडं टाकतो, हवा जाऊ देतो, मगच आत शिरतो. इथे शेजारच्या खोलीत माल भरलेला होता. पिकत्या केळ्यांचा वास या वर्गात येत होता, म्हणजे वायूही येत होता.

मी तेव्हा शिक्षण विस्तार अधिकारी होते. तालुक्यातल्या शाळा तपासणं हे माझं काम. बोदवड-मुक्ताईनगर रस्त्याला मान्यता नसलेली इंग्लिश मीडियम शाळा चालते, अशी तक्रार होती. त्यासाठीच गेले होते.

"दार बंद का ठेवता?" मी बाईंना विचारलं.

"एसीची हवा जाते ना, मॅडम. सर रागावतात."

सर म्हणजे संचालक चौधरी. ते धावत आले. "मॅडम, मान्यतेचा प्रस्ताव प्रोसेसमध्ये आहे."

"प्रस्तावाचं नंतर बघू. मुलं बाहेर काढा."

मुलं उठली. भिंतीशी बसलेली ती मुलगी उठेना. हलवलं, नाव विचारलं. तिने डोळे उघडले, पण तोंडातून शब्द फुटेना. तिला उचलून बाहेर कडुनिंबाखाली आणलं. थोड्या वेळाने ती ओकली आणि म्हणाली, "हर्षाली." बाईंसोबत तिला ऑफिसच्या जीपने सरकारी दवाखान्यात पाठवलं.

मग गटशिक्षणाधिकाऱ्यांना, म्हणजे माझ्या साहेबांना, फोन लावला.

"आधी नोटीस, मग सुनावणी, मग बंदचा आदेश," साहेब म्हणाले. "थेट कुलूप लावता येत नाही."

"कुलूप नाही लावत, साहेब. दार उघडं ठेवून इथेच बसते."

"बसा. मी तहसीलदारांना घेऊन येतो."

तेवढ्यात शाळा बंद होणार असं ऐकून पालक जमले. मला वाटलं, चौधरींवर तुटून पडतील. ते माझ्यावरच तुटून पडले.

"मॅडम, आता शाया बंद केली तं पोरीचं वर्स वाया जाईन!" सुनील नावाचे एक पालक ओरडले. "तुमाले काय, कागद केले का झालं!"

"मुलीचं नाव काय, भाऊ?"

"हर्षाली."

त्यांना कोणी कळवलंच नव्हतं. तिला दवाखान्यात पाठवल्याचं मी सांगितलं. ते त्या खोलीत गेले, भिंतीला हात लावला, दाराची कडी पाहिली आणि उंबऱ्यावर मटकन बसले. "आतमंदी कधी पाह्यलंच नाही मी. ॲडमिशन घेतली अन् ऑफिसातूनच घरी गेलो." मग उठले, मोटारसायकल काढली आणि दवाखान्याकडे गेले.

हर्षाली सुखरूप होती. संध्याकाळी डॉक्टर मला म्हणाले, "अजून थोडा वेळ आत राहिली असती, तर काय झालं असतं सांगता येत नाही." त्या रात्री मी जेवले नाही.

कायदा सोपा आहे. मान्यतेशिवाय शाळा चालवता येत नाही; चालवली तर दंड होतो. पण त्याची शिक्षा मुलांना नाही. वयाप्रमाणे त्यांना जवळच्या शाळेत घ्यावंच लागतं. जिल्हा परिषद शाळेचे मुख्याध्यापक तरी म्हणालेच, "दाखला नाही, नाव कसं घालू?" दाखल्यासाठी प्रवेश अडवता येत नाही, हे त्यांना कायद्याचं पुस्तक उघडून दाखवावं लागलं. हर्षाली तिथे तिसरीत बसली. सुनीलभाऊ आठवडाभर वर्गाबाहेर उभे राहायचे.

शाळा बंद झाली, दंडाचा आदेश निघाला. जूनमध्ये चौधरींनी पुढच्या गावात बोर्ड लावला: कोचिंग क्लास. शिकवणीला आमची मान्यता लागत नाही. मी जाऊन आले. खिडक्या होत्या, एवढंच मला तपासता आलं.

तेव्हापासून पालकांना एकच सांगते: शाळेचं ऑफिस बघून परत फिरू नका. मूल जिथे बसणार, तिथे दार लावून आधी स्वतः बसून बघा.