नऊ वर्षांच्या मुलीची साक्ष

बारकी पुढे देशाची पंतप्रधान झाली, पण तिच्या आईला ती कायम घट्ट वेण्या घालून चौकशीच्या खोलीत शिरणारी नऊ वर्षांची पोरच दिसायची.

गिरणीतला बॉयलर फुटला, त्यात तो चालवणारे बारकीचे वडील गेले. आठवड्याभरात चौकशी बसली. चौकशीच्या साहेबांनी आईला दारातच थांबवलं आणि पोरीला गोडीगुलाबीनं विचारलं, "बाळ, त्या दिवशी सकाळी बाबा दारू प्यायले होते का?"

"हो," बारकी म्हणाली. खोटं बोलायचं नाही, हे आईनंच बजावलेलं.

दाढ ठणकत होती म्हणून बाबांनी घोटभर दारूची चूळ भरली होती, त्यातली थोडी पोटात गेली. पोर ते सांगायला तोंड उघडतेय, तोवर साहेबांनी कागद बंद केले. सगळं खापर मेलेल्या माणसावर फोडून गिरणी मोकळी झाली. महिनाअखेरीला गिरणीनं राहायला दिलेली खोलीही गेली.

मायलेकी लॉन्ड्रीच्या मागच्या खोलीत राहायला आल्या. वाफेनं भिंतींचे पोपडे सुटलेले, अंथरूण कधी धड कोरडं नाही. आई दिवसभर इस्त्री फिरवायची.

"आई, माझ्यामुळे झालं ना गं?" पोरीनं एकदाच विचारलं.

आईला "नाही" म्हणायचं होतं. पण नुकताच हात भाजलेला, जीव वैतागलेला. ती म्हणाली, "जरा जीभ आवरली असतीस तर..."

बारकीनं मान डोलावली आणि ओल्या चादरी पिळायला घेतल्या. त्यानंतर घरात ती कामापुरतंच बोलायची.

सतराव्या वर्षी तीही लॉन्ड्रीत लागली. एका बाईची बोटं चादरी पिळायच्या रोलरमध्ये चिरडली, तेव्हा बारकी अपघात तपासायला आलेल्या साहेबांसमोर उभी राहिली.

"लिहिलंत ते मोठ्यानं वाचा. बाईंचं बोलणं अजून संपलेलं नाही."

संध्याकाळच्या आत मायलेकींना कामावरून काढलं.

मग मोर्चे, तुरुंग, निवडणुका. शपथविधीला न्यायला गाडी आली, तर आईनं गुडघ्यांचं निमित्त केलं. बारकीच रविवारी भेटायला आली.

"तुझी काही चूक नव्हती गं," आई एका दमात म्हणाली.

"आता कशाला, आई," बारकी म्हणाली. "जेवलीस का?"

ती तासभर बसली, आईचे पाय चेपून दिले आणि गेली. त्यानंतर आई जेमतेम महिनाभर जगली.