‘ध्वनिलहरी’ आणि दोन साडू

माझी आत्या शाळेत भाषा शिकवायची. शाळा बंद पडली, तेव्हा ती ‘ध्वनिलहरी’ मासिकात मुद्रितं तपासायला लागली. रेडिओ केंद्रांवरच्या इंजिनीअरांचं हे मासिक. त्याची सुरुवात साधीच होती. डोंगरावरच्या एका केंद्रात यंत्र बिघडलं की विचारायला कोणी नसायचं, म्हणून तिथला इंजिनीअर आपण काय दुरुस्त केलं ते लिहून, सायक्लोस्टाइल करून इतर केंद्रांना पाठवायचा. त्या पानांचं पुढे मासिक झालं, तो संपादक झाला आणि यथावकाश निवृत्तही झाला. त्याच्या खुर्चीत बसायला एकही इंजिनीअर तयार होईना, म्हणून आत्याला बसवलं.

कचेरी म्हणजे इंजिनीअरांच्या संघटनेच्या इमारतीतल्या मागच्या दोन खोल्या. भिंतीपलीकडे जनरेटर. तो सुरू झाला की कपातला चहा थरथरायचा. पण आत्याला जनरेटरचा नाही, लेखकांचा वैताग होता. इंजिनीअर फोनवर तासभर बोलतील, लिहा म्हटलं की म्हणतील, वेळ कुठे आहे? ज्यांना वेळ असे, त्यांचं एकेक वाक्य पानभर लांब. क्रियापद सापडेपर्यंत कर्ता निवृत्त झालेला असतो, असं ती म्हणायची.

न मागता, न चुकता लिहिणारे दोघंच होते, आणि तेच तिच्या डोक्याला सगळ्यात मोठा ताप होते. दोघंही नावाजलेले इंजिनीअर, वेगवेगळ्या केंद्रांवरचे. वाद एकच. माइकपासून यंत्रापर्यंत जाणाऱ्या तारेला बाहेरून जाळीचं आवरण असतं. ते आवरण एका टोकाला जमिनीशी जोडायचं, म्हणजे अर्थिंग करायचं, की दोन्ही टोकांना? दोघांतले वयाने थोरले म्हणायचे, एकाच. दोन्हीकडे जोडलं की आवाजात घुंई घुंई अशी गुणगुण येते. धाकटे म्हणायचे, दोन्ही. एकीकडे मोकळं ठेवलं की मनोऱ्यावरचं प्रक्षेपणच तारेत शिरतं. दर अंकात एकाचं पत्र, पुढच्या अंकात दुसऱ्याचं उत्तर. वर्षानुवर्षं.

आत्याने समजावून पाहिलं, पत्रं कापून पाहिली. पालथ्या घड्यावर पाणी. संघटनेचे चिटणीसही रोज कटकट करायचे की हे मासिक आहे की चव्हाटा. शेवटी तिने चौकट छापली: हा वाद आम्ही थांबवत आहोत.

तिला वाटलं, सुटले. पुढच्या अंकाला वाचकांची पत्रं आली ती एकाच मजकुराची: वाद का थांबवला? काहींनी तर कबूल केलं की ते पाकीट फोडून आधी तेवढंच पान वाचायचे. वर्गणीदार गळायला लागले. मग तेच चिटणीस, जणू कधी तक्रार केलीच नव्हती अशा थाटात, आत्याला म्हणाले, “बाई, जा आणि त्यांना पुन्हा लिहायला सांगा.”

चरफडत आत्या थोरल्यांच्या घरी गेली. दार त्यांच्या बायकोने उघडलं. आतून दोन पुरुषांचं तावातावाने भांडण ऐकू येत होतं. दुसरा आवाज धाकट्यांचा.

“ते इथे कसे?” आत्याने विचारलं.

“माझ्या धाकट्या बहिणीचे यजमान ते. साडू आहेत दोघं.”

आत्या उंबऱ्यातच थांबली. इतकी वर्षं दोघांनी एकमेकांना ‘माननीय पत्रलेखक’ म्हटलं होतं. नात्याचं अवाक्षर नाही.

“पूर्वी तुमच्या मासिकात भांडायचे, घरात शांतता होती,” बाई म्हणाल्या. “आता दर रविवारी इथे येऊन भांडतात. आम्ही दोघी बहिणींनी हात टेकलेत. ते पान सुरू करा हो.”

आत्याला आता संताप आवरेना. ती आत गेली आणि दोघांना शाळेतल्या आवाजात म्हणाली की पुढच्या सुट्टीला दोघांनी थोरल्यांच्या केंद्रावर यायचं, माझ्यासमोर तार जोडायची, काय होतं ते मी ऐकणार.

दोघं मुकाट्याने आले. आधी आवरण दोन्ही टोकांना जोडलं. कानाला लावलेल्या हेडफोनमध्ये गुणगुण. मग एक टोक सोडलं. गुणगुण गेली, पण मागे त्याच केंद्राचा कार्यक्रम चिरक्या आवाजात वाजायला लागला. दोघंही बरोबर, दोघंही चूक. आत्याने हेडफोन काढला आणि मग काय करायचं म्हणून विचारलं.

थोरले पुटपुटले, एक टोक सरळ जोडून दुसऱ्या टोकाला मध्ये छोटा कपॅसिटर टाकला तर? गुणगुण अडेल आणि प्रक्षेपण जमिनीत जाईल. धाकटे म्हणाले, तेच म्हणणार होतो. आणि दोघांनी आपापल्या पिशवीतून एकेक कपॅसिटर काढला.

“म्हणजे तुम्हाला माहीत होतं,” आत्या म्हणाली.

धाकट्यांनी डाग द्यायचं सोल्डरिंग आयर्न तापायला लावलं. कपॅसिटर बसला, आवाज स्वच्छ झाला. थोरल्यांनी नंतर, आत्या चप्पल घालत असताना, हळूच सांगितलं की धाकट्यांच्या लग्नाच्या वेळी मानपानावरून दोघांचं बिनसलं होतं. पत्रांशिवाय बोलण्याचं दुसरं काही निमित्त उरलं नव्हतं.

आत्याने घरी येऊन कपाळाला बाम चोळला. बोलायचंच होतं तर फोन नव्हता का, असं ती माझ्या वडिलांना चार वेळा म्हणाली. पण दोघांकडून तिने एकत्र लेख लिहून घेतला. त्यातली वाक्यं स्वतः तोडली, क्रियापदं जागेवर आणली. तो अंक केंद्राकेंद्रांत भिंतीवर चिकटवला गेला, आणि गेलेले वर्गणीदार परत आले.

पुढच्या महिन्यात दोन पाकिटं आली. कपॅसिटर माइकच्या टोकाला हवा, असं थोरल्यांचं म्हणणं. यंत्राच्या टोकाला, असं धाकट्यांचं. आत्याने दोन्ही पत्रं वाचली, शुद्धलेखन सुधारलं आणि समोरासमोरच्या पानांवर छापायला पाठवली.