भट्टीच्या माडावरची हाळी

मंडळी, या सदरात आलेले अनुभव मी आजवर चहासोबत, टाइमपास म्हणून वाचत आलोय. मी केमिस्ट आहे. नवी मुंबईतल्या एका दारू बनवणाऱ्या कंपनीच्या लॅबमध्ये नोकरी, मूळ गाव पेण. भूत, चकवा, अंगात येणं... कोणी सांगायला लागलं की मी आधी विचारायचो, किती घेतली होती? त्यामुळे तुम्हीही मला तेच विचारणार हे माहीत आहे. उत्तर आधीच देऊन ठेवतो. त्या दिवशी सकाळपासून फक्त कोरा चहा घेतला होता, दारू अजून भट्टीतून उतरायची होती.

आता मूळ मुद्दा. आमच्या कंपनीच्या डोक्यात घायपातापासून मद्य काढायचं आलं होतं. घायपात म्हणजे बांधावर उगवणारं ते जाड, काटेरी पानांचं झुडूप, ज्याला गुरंही तोंड लावत नाहीत. परदेशात त्याच्या गड्ड्यापासून गावोगावी घराघरांत दारू काढतात आणि ती भलत्या भावाने विकली जाते. कारखान्याच्या स्टीलच्या टाकीत ते केलं तर चव सपाट येते, हे मी चाखून सांगू शकतो. म्हणून मी सुट्ट्या टाकून आपल्याच किनाऱ्यावरची जुनी घरं धुंडाळायला निघालो. घायपाताची नाही, पण माडीची भट्टी पिढ्यान् पिढ्या लावणारी घरं इथे होती. माडी म्हणजे नारळाच्या पोईतून, म्हणजे न उमललेल्या फुलोऱ्यातून, गोळा केलेला रस. हात तोच, आच तीच, फक्त माल वेगळा, असा माझा हिशेब.

आगरदांड्याजवळच्या एका घरात तांब्याचा भलामोठा हंडा बघायला मिळाला, पण त्यात तांदूळ भरले होते. मुरुडच्या बाजूला एक आजोबा आता फक्त सिरका करतात, त्यांनी मला तोच पाजला आणि वर "बरा हाय ना?" असंही विचारलं. बहुतेक ठिकाणी "आता बंद हाय सगळं" एवढं ऐकून परत यायचो. शेवटी चौल आणि रेवदंडा यांच्या मधल्या वाड्यांच्या पट्ट्यात दत्ताकाका भेटले. रेवदंड्याकडून येताना डाव्या हाताला रस्ता एका तळ्याला वळसा घालतो, त्याच्या मागची वाडी. घर कुठलं ते सांगणार नाही. हातभट्टी हा गुन्हा आहे हे मला तुमच्यापेक्षा जास्त कळतं. एकदाच, चाखण्यापुरती करून बघायची, एवढंच ठरलं होतं.

घरात तीन माणसं. दत्ताकाका, गुडघे गेलेले, पण जीभ शाबूत. त्यांचा मुलगा सुनील, त्या आळीत माडावर चढणारा उरलेला एकटा माणूस. आणि सुनीलची बायको सुगंधावहिनी, थळच्या बाजूच्या.

पहिल्याच दिवशी मला त्या घरातलं भांडण कळलं, कारण ते माझ्यासमोरच झालं. सुनीलच्या मावसभावाने त्याला न्हावा शेव्याला ट्रेलर चालवायचं काम बघून ठेवलं होतं. वहिनींना तो जायला हवा होता. काका सोडायला तयार नव्हते.

"माड रिकामे ठेवून जातात का कोन?" काका म्हणाले. "चार पिढ्या वर मानूस हाय आपला."

"तुमाला मानूस वर ऱ्हायला पायजे, खाली जित्ता आला न्हाय तरी चालंल," वहिनी म्हणाल्या आणि आत निघून गेल्या.

त्या असं का बोलल्या ते सुनीलने मला नंतर सांगितलं. त्याचा थोरला भाऊ रमेश विहिरीकडच्या माडावरून पडून गेला. वहिनी या घरात आल्या त्याच्याही आधी. दिराला त्यांनी फोटोतच पाहिलेलं. पण लग्न होऊन आल्यापासून रोज सकाळ-संध्याकाळ सुनील वर चढला की त्या हातातलं काम टाकून उभ्या राहायच्या. तो खाली उतरेपर्यंत कशाला हात लावायच्या नाहीत. मी पाहुणा, मध्ये कशाला बोला... पण खरं सांगतो, मला वहिनींचं पटत होतं.

आता तिथली एक रीत सांगायला हवी, कारण सगळं तिच्यावरच आहे. माडावर चढणारा माणूस शेंड्याला पोचला की हाळी देतो. त्याला वरून सगळ्यांची परसं, मोऱ्या दिसतात, म्हणून बायाबापड्यांनी सावरून घ्यावं हे एक. दुसरं म्हणजे वरून झावळी पडते, कधी कोयती निसटते, म्हणून खालच्याने हटावं. हाळी आली की त्या माडाखाली कोणीही असो, हातातलं टाकून पडवीत यायचं. वर बघत बसायचं नाही, विचारायचं नाही. वहिनींना तर मी परसातल्या चुलीवर उतू जाणारं दूध सोडून येताना पाहिलंय. प्रत्येकाची हाळी वेगळी असते. सुनील दोन शिट्ट्या मारतो, नवीन जमाना.

भट्टीची खोप, विणलेल्या झावळ्यांच्या झापांनी शाकारलेली, होती त्याच विहिरीकडच्या माडाखाली. रमेश गेल्यावर तो माड कोणी चढला नाही. पुढे भुंग्याने त्याचा शेंडा खाल्ला, फळ धरणंही थांबलं. वरून काही पडायची भीती नाही, म्हणून खोप तिथे हलवली होती. आगीजवळ बसलेल्याला हाळी आली म्हणून मध्येच उठायला लागू नये, हा त्यामागचा विचार.

डोंगराकडच्या बांधांवरून घायपाताचे गड्डे सुनीलने आणि मी खणून आणले. हात आठवडाभर खाजत होते ते वेगळंच. आपण शेतात मडक्यात शेंगा भाजायला पोपटी लावतो त्या धर्तीवर काकांनी ते खड्ड्यात भाजायला लावले, मग उखळात कुटले आणि माडीचं विरजण घालून आंबवले. वास अप्रतिम. मी गाळून घ्यायला सुचवलं. काका हसले. "भट्टीत घालायच्या आदी गालतो का कोन?" त्यांचंही बरोबर होतं. माडी पाण्यासारखी पातळ, तिच्यात चोथा कुठला असायला? गाळायची सवयच त्या घराला नव्हती. शेवटी माझ्या समाधानासाठी वहिनींनी एका जुन्या लुगड्यातून ते ओतलं, पण लुगडं विरलेलं, बारीक दोरे सगळे खाली गेलेच.

भट्टीच्या दिवशी सुनील सकाळची चढण उरकून रेवदंड्याला माडी पोचवायला मोटरसायकलवर गेला. खोपीत आम्ही तिघं. चुलीवर हंडा, त्याच्यावर उपडं मडकं, सांधे चिकणमातीने लिंपलेले, मडक्यातून बांबूची नळी पाण्यात ठेवलेल्या भांड्याकडे गेलेली. वहिनी चुलीच्या तोंडाशी बसून आच सांभाळत होत्या. काका स्टुलावर. मी भांड्याकडे, थर्मामीटर घेऊन. नळीतून थेंब येत होते, मग कमी झाले, मग थांबले. वहिनी म्हणाल्या, "आच कमी पडली वाटतं," आणि एक लाकूड आत सरकवलं. मीही तेच समजलो. ऊन चांगलं वर आलेलं, विहिरीवर खंड्या बसलेला, सगळं अगदी नेहमीचं.

तेवढ्यात हाळी आली.

पुरुषाचा आवाज. डोक्यावरून, अगदी सरळ वरून. "खाली कोन हाऽऽय... हटाऽऽ." लांबवलेला, शेवटाला थोडा चढणारा. मला तो आवाज आत्ता लिहितानाही जसाच्या तसा ऐकू येतो.

मी काही विचार केला असं सांगून मोठेपणा घेणार नाही. वहिनी उठल्या म्हणून मी उठलो. त्यांनी हातातली फुंकणी टाकली, काकांना एका बगलेत धरलं, मी दुसरीकडून, आणि आम्ही पडवीकडे निघालो. चालताना वहिनी मान खाली घालूनच काहीतरी पुटपुटल्या, मला ऐकू आलं नाही. काका नेहमी खुरडत चालतात, त्या दिवशी झपाझप चालले. पडवीच्या पायरीवर पोचल्यावर मी नवखा म्हणून वर पाहिलं. माडाचा शेंडा उघडा होता. खाल्लेल्या चार झावळ्या आणि त्यांच्या मागे आकाश. माणूस काय, कावळाही नव्हता.

मी वहिनींना काही विचारणार, एवढ्यात भट्टी फुटली.

आवाज फार मोठा नव्हता. मडक्याच्या ठिकऱ्या झापांच्या छपरातून वर गेल्या आणि हंड्यातला उकळता माल चुलीच्या तोंडाकडे उसळला. जिथे वहिनी बसल्या होत्या नेमक्या त्या जागी. लाकडाचे निखारे कुठल्या कुठे उडाले, झापांना आग लागली. आम्ही विहिरीचं पाणी मारून ती विझवली. वहिनींचा बसायचा पाट मी नंतर उचलला तर त्यावर घायपाताचा शिजलेला चोथा चिकटला होता आणि लाकूड वाफाळत होतं. भीती वाटली, सरळ सांगतो, भीतीच वाटली.

भट्टी का फुटली याला उत्तर आहे. बांबूच्या नळीत उकळीच्या फेसाबरोबर चढलेले घायपाताचे दोरे गोळा होऊन बूच बसलं होतं, मी स्वतः ती नळी चिरून बघितली. थेंब थांबले ते त्यामुळे, आच कमी पडल्यामुळे नाही. हे झालं केमिस्ट्रीचं. हाळीचं काय?

सुनील आला तेव्हा आग विझली होती. वहिनी त्याच्यावर आधी चिडल्या, चढायची वेळ नव्हती, मग वर कशाला गेलात म्हणून. तो बिचारा हेल्मेट हातात धरून उभा. तो रेवदंड्याहूनच येत होता, आणि मला तो वळणावरून येताना दिसलाही होता. मग वहिनींनी वळून त्या माडाकडे पाहिलं.

संध्याकाळी सुनील चढायला कमरेला कोयती बांधत होता तेव्हा काका पडवीतून म्हणाले, "ऱ्हाऊ दे आज."

"का?"

"न्हावा शेव्याचं काम घे तू. उद्याच फोन कर."

सुनील त्यांच्याकडे वळला. "आनि माड?"

"रमेशची हाळी मी वलखतो," काका म्हणाले. "वर मानूस हाय. तू खाली ऱ्हा."

वहिनी आत गेल्या आणि बऱ्याच वेळाने बाहेर आल्या, तेव्हा त्यांचे डोळे लाल होते.

मी माझ्या परीने शोध घेतला. आळीत दुसरा कोणी माडावर चढत नाही, शेजारच्या दोन्ही वाड्यांत विचारलं. दूरचा आवाज वाऱ्याने आला म्हणावं तर तो डोक्यावरून आला, आणि आम्हा तिघांनाही एकाच जागेवरून आला. भास म्हणावा तर मी रमेशला कधी पाहिलं नाही, त्याची हाळी कशी होती हे मला माहीत असायचं कारणच नाही. तरी मी सुनीलला ती करून दाखवली, शेवटाला चढवून. त्याने मला मध्येच थांबवलं.

सुनील आता ट्रेलर चालवतो. घायपाताचा विषय आमच्या कंपनीने गुंडाळला, मीच रिपोर्ट तसा दिला. मागच्या महिन्यात अलिबागला काम होतं म्हणून वाकडी वाट करून काकांना भेटून आलो. निघताना वहिनी फाटकापर्यंत आल्या. मी विचारलं, त्या दिवशी चालताना तुम्ही काय पुटपुटलात?

"शिट्टी न्हवती, तरी हेच वर हाईत असं वाटलं मला," त्या म्हणाल्या. "म्हनून म्हटलं, आमी हटलो, आता तुमी सावकाश उतरा." मग त्यांनी मलाच विचारलं, "थोरल्या भावजींना असं कंदी कोनी म्हटलं नसंल. उतरले असतील का वो?"

मला या सगळ्याचा अर्थ अजून लागलेला नाही. पण त्यांना मी म्हटलं, "हो वहिनी, उतरले असतील."