पत्रकांवरचं पिल्लू

आमच्या घरात पलंगाखाली, कपाटावर, सगळीकडे पत्रकांचे गठ्ठे असत. वडील लिहायचे, आई घड्या घालायची, मी वाटायचे. त्यामुळे हरसूलच्या बाजारात पाय बांधून उलट्या टांगलेल्या कोंबड्या पाहिल्या तेव्हा मीही पत्रकच काढलं. ‘मुक्या जीवांचा छळ थांबवा’ असा ठळक मथळा, कागद भारीतला, गुळगुळीत. नुसतं बोलून थांबायचं नाही म्हणून त्याच बाजारातून नुकती अंड्यातून निघालेली चार पिल्लंही इंदिरानगरच्या फ्लॅटवर आणली.

पिल्लांना एका खोक्यात ठेवून वर उबेसाठी बल्ब लावला. तळाशी उरलेली पत्रकं अंथरली.

तिसऱ्या दिवशी एक पिल्लू उठेना. पाय दोन बाजूंना फाकलेले, पोट कागदावर टेकलेलं. उठायला गेलं की पाय आणखी घसरत. बाकीची त्याला तुडवून पाण्याकडे जात होती.

रोज दारावर भाजी आणणाऱ्या मावशींच्या मळ्यात कोंबड्या होत्या. त्यांना दाखवायला मी पिल्लू वरून पकडून उचललं. ते किंचाळलं.

“अगं, वरून काय धरतीस? त्याला घार आल्यागत वाटतं!”

मावशींनी तळवा त्याच्या पोटाखाली सरकवला, दुसऱ्या हाताचं छप्पर केलं. पिल्लू गप्प झालं. मग त्यांनी खोक्यात डोकावलं.

“ह्यो कागद कुणी घातला?”

“मी.”

“यावर माझा पाय टिकायचा नाय, त्याचा कुठून टिकंल? काय लिवलंय एवढं?”

मी मथळा वाचून दाखवला. मावशी पदर तोंडाला लावून हसल्या.

“मंग थांबव की!”

मला राग आला. त्यांनी माझ्याकडून लोकर मागून घेतली आणि पिल्लाचे दोन्ही पाय एक बोट अंतर ठेवून सैलसर बांधले. पत्रकांच्या जागी गोणपाट घालायला लावलं.

“तीनचार दिस ऱ्हाऊ दे. पाणी चोचीपाशी धर.”

तीन दिवस मी खोक्याशेजारी बसून बरणीच्या झाकणातून पाणी पाजलं. दर वेळी हात खालून.

चौथ्या दिवशी सकाळी लोकर कापली. पिल्लू उभं राहिलं, डुललं, बसलं. पुन्हा उठलं आणि चार पावलं टाकून थेट पाण्याच्या झाकणात पाय घालून उभं राहिलं.

ती पत्रकं मी अजूनही वाटते. मथळा तोच आहे. खाली पेनाने एक ओळ लिहिते: पिल्लांखाली गुळगुळीत कागद घालू नका. त्या कागदावर शाई लवकर वाळत नाही, म्हणून एकेक पत्रक थोडा वेळ हातात धरावं लागतं.